ग्रिगलचा तिसरा साक्षीदार

आमच्या कोशात शब्द शिरायचा तर त्याला तीन साक्षीदार लागत. तिन्ही छापील, तिन्ही वेगवेगळ्या हातचे, आणि तिघांनीही तो शब्द सहज बोलण्याच्या ओघात वापरलेला हवा; शब्दाबद्दल नुसती चर्चा केलेली चालत नसे. खुनाच्या खटल्यात याहून कमी पुराव्यावर निकाल लागतो. पण खुनात माणूस एकदाच मरतो, खोटा शब्द कोशात शिरला तर तो कायमचा जगतो, असं आमच्या मुख्य संपादक नोरीन कटक्लिफ म्हणत. म्हणताना त्या हसत नसत, म्हणून आम्हीही हसत नसू.

टास्मानियात बोलल्या जाणाऱ्या इंग्रजीचा कोश करायचा, असं हे काम होतं. होबार्टमध्ये एका बंद पडलेल्या औषधांच्या दुकानाच्या वर आमचं कार्यालय होतं. माणसं चार, बुटांचे रिकामे खोके चाळीस, खोक्यांत चिठ्ठ्या. एका चिठ्ठीवर एक वाक्य आणि त्यातल्या शब्दाखाली लाल रेघ. साक्षीपुराव्याचे नियम मी लिहिले होते. एकोणीस पानं झाली होती. माझं लग्न व्हायचं होतं त्या काळातली गोष्ट. लग्नानंतर सव्वीस झाली.

१९९३च्या हिवाळ्यात ह्यूऑनच्या खोऱ्यातून एक पत्र आलं. "कोशवाल्यांना नमस्कार. ग्रिगल हा शब्द तुमच्याकडे आहे का? नसेल तर का नाही? मी सदुसष्ट वर्षांची आहे, तेव्हा उत्तर लवकर द्यावे. मर्ल टॅपस्कॉट, क्रॅडक."

खोके पाहिले. नव्हता. इंग्लंडच्या एका जुन्या बोलीसंग्रहात मात्र सापडला: सफरचंदाची तोडणी झाल्यावर झाडावर राहिलेली बारकी, वेडीवाकडी फळं. शेतात सरवा राहतो, तसा हा झाडावरचा सरवा. पण एका संग्रहातला शब्द उचलून दुसऱ्यात घालणं आमच्यात चोरी समजली जाई. नियम चार. मी तसं कळवलं. आठ दिवसांत फोन वाजला.

"लॉइड तूच का रे? आवाजावरून चाळिशीचा वाटत नाहीस."

"चौतीस."

"बरं आहे, तुला वेळ आहे. रविवारी ये. चहाबरोबर भोपळ्याचे स्कोन भाजते."

मर्लबाई तीस वर्षं खोऱ्याच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये होत्या. खोऱ्यातलं कुठलंही गुपित त्यांनी दोन्ही बाजूंनी ऐकलेलं होतं. लग्न केलं नव्हतं. का, असं मी विचारलं नाही, तरी त्यांनी सांगितलं: "सगळ्यांची बोलणी ऐकली ना बाळा, मग कुणाशी करणार?"

स्कोन संपल्यावर त्यांनी बिस्किटांच्या डब्यातून एक कात्रण काढून माझ्यापुढे सरकवलं. १९५१चं, तिथल्याच साप्ताहिकातलं. क्रॅडकची हेस्टर टॅपस्कॉट ही विधवा एडगर पॅस्को यांच्या बागेतली दोन बादल्या सफरचंदं नेताना रस्त्यावर सापडली. आपण चोरी केली नाही, ते ग्रिगल होते, असं तिने कोर्टाला सांगितलं. मॅजिस्ट्रेटनी एकखंडी इंग्रजी कोश मागवला, पान उघडलं, आणि असा कुठलाही शब्द कोर्टाला ठाऊक नसल्याचं नमूद करून चोरी शाबीत धरली. वर्षभर चांगल्या वागणुकीची हमी लिहून घेऊन सोडलं.

"ही माझी आई," मर्लबाई म्हणाल्या. "सोडलं म्हणतात. चर्चमध्ये फुलं लावायच्या पाळ्या असायच्या, त्या यादीतून तिचं नाव काढलं. अठरा वर्षं जगली त्यानंतर. एक फूल लावू दिलं नाही."

"आणि पॅस्को? बाग त्यांची होती ना?"

"एडगरनेच तर दिले होते! तोडणी संपली की तो फाटकाशी उभा राहून म्हणायचा, ग्रिगल तुमचे. वर्षातून एकदा. त्याच्या बापानेही तसंच म्हटलं होतं. एकदा म्हटलं की ज्याला बाग नाही त्याने बादली घेऊन यायचं, विचारायचं नाही. पण झाडावरचं झाडून सगळं फळ पॅकिंगवाल्या कंपनीला लिहून दिलेलं असायचं. मुद्दाम मागे ठेवले असं कोर्टात कबूल केलं असतं तर करार मोडला म्हणून त्याचंच फळ कुणी उचललं नसतं. मॅजिस्ट्रेटने विचारलं, तुम्ही या बाईला परवानगी दिली होती का? एडगर म्हणाला, सांगता येणार नाही."

त्यांनी किटलीवरचं लोकरीचं टोपडं सरळ केलं. "म्हणून कुणी लिहीत नसे रे तो शब्द. लिहिला की पुरावा झाला."

माझ्यासारख्या माणसाचं अशा वेळी काळीज हलायला हवं. हललंही असेल. पण तोंडातून निघालं ते असं: "मर्लबाई, हे कात्रण आम्हाला चालणार नाही. यात शब्दाबद्दल बोललंय. शब्द वापरलेला नाही. नियम सात."

"माझ्या आईने वापरला, म्हणूनच ती त्या पिंजऱ्यात उभी होती ना?"

"ते खरं. पण छापलंय ते मॅजिस्ट्रेटचं म्हणणं."

"नेहमीचंच," असं म्हणून त्यांनी मला आणखी चहा ओतला.

त्यांना हवं होतं ते एवढंच. जिवंतपणी तो शब्द कोशात बघायचा, ते पान घेऊन चर्चच्या फुलं लावणाऱ्या मंडळाच्या बैठकीला जायचं आणि टेबलावर ठेवायचं. भाषण वगैरे करणार नव्हत्या. "नुसतं ठेवणार आणि स्कोन खाणार," म्हणाल्या. १९५१च्या मंडळातल्या दोन म्हाताऱ्या अजून हयात होत्या. घाई होती ती त्यामुळेच.

मी म्हटलं, तीन साक्षीदार आणा. तीन वेगळे हात.

आता मागे वळून पाहताना वाटतं, बंद खोलीतल्या माणसाला किल्ली बाहेर खुंटीला आहे, येऊन घेऊन जा असं सांगावं, तसं मी सांगत होतो.

पहिला साक्षीदार त्यांनीच काढला: क्रॅडकच्या महिला मंडळाची १९७९ची पाककृतींची पुस्तिका, पान बारा, 'ग्रिगलची जेली'. ब्रिटनने युरोपशी घरोबा करून आमच्या सफरचंदांकडे पाठ फिरवली, सरकारने बागा उपटायला लावल्या, कंपनीचं गोदाम बंद पडलं. त्यानंतर त्या शब्दाची भीती उरली नव्हती. अर्थात त्यानंतर तो वापरायला झाडंही फारशी उरली नव्हती. दुसरा साक्षीदार मला मिळाला. १९२४ सालच्या एका फिरत्या पाद्र्याची छापील रोजनिशी, त्यात पावसात अडकल्यावर कुणाकडे तरी ग्रिगल भरून भाजलेला ॲपल पाय खाल्ल्याची नोंद. मी फोन करून सांगितलं तेव्हा मर्लबाईंनी ती ओळ मला दोनदा वाचायला लावली. मग म्हणाल्या, "पाद्री? म्हणजे चर्चनेच खाल्लेत तर!"

हे १९९५च्या मार्चमध्ये. पुस्तक पुढच्या वर्षी छापायला जाणार होतं. एक साक्षीदार कमी होता.

मेच्या तिसऱ्या आठवड्यात मर्लबाईंचं पाकीट आलं. आत साप्ताहिकातली ताजी छोटी जाहिरात, टाचणीने एका चिठ्ठीला लावलेली. चिठ्ठीवर एकच ओळ: "लॉइड, खालचं नाव बघ!"

मी आधी शब्द शोधला. आमची सवयच तशी. वाक्य आम्ही वाचत नाही, वाक्यात शब्द कुठे बसलाय ते बघतो. ग्रिगल. लाल रेघ मारली. मग नाव बघितलं. केल्विन पॅस्को, क्रॅडक. एडगरचा मुलगा.

हे नोरीनना दाखवलं तर त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. दोन वर्षांपूर्वी आमचे हात पोळले होते. बर्नीच्या एका निवृत्त हेडमास्तरांनी स्वतः बनवलेला शब्द तीन भाच्यांकरवी तीन वर्तमानपत्रांत छापून आणला होता. चौथा भाचा दारू प्यायल्यावर बोलला, म्हणून वाचलो.

"लॉइड, तू या बाईंना मार्चमध्ये सांगितलंस की एक साक्षीदार कमी आहे?"

"हो."

"आणि मेमध्ये उगवला?"

"हो."

"त्या खोऱ्यात हिच्या ओळखीचा नाही असा माणूस आहे का?"

"नसावा. टेलिफोनवर होत्या."

"मग मला काय विचारतोस?"

मी एक फोन करू शकलो असतो. पॅस्कोचा नंबर जाहिरातीच्या खालीच होता. पण फोनवरचं बोलणं हा आमच्याकडे पुरावा नव्हता, नियम दोन, त्यामुळे फोन करून उपयोग काय, असा मी विचार केला. हा विचार मला तेव्हा फार बिनतोड वाटला होता.

मी पत्र लिहिलं. ते चांगलं पत्र होतं. मसुदे तीन केले. "आपला उत्साह आम्ही समजू शकतो. तथापि आपल्या सूचनेवरून छापल्या गेलेल्या मजकुराला स्वतंत्र साक्ष मानता येत नाही, आणि अशा प्रयत्नांनी मूळ शब्दाच्या विश्वासार्हतेलाच बाध येतो, हे नम्रपणे लक्षात आणून देत आहे." त्यातला 'नम्रपणे' तिसऱ्या मसुद्यात घातला.

उत्तर आलं नाही. मी त्याचा अर्थ असा घेतला की चोरी पकडली गेली की माणूस गप्प बसतो.

१९९६च्या ऑगस्टमध्ये मर्लबाई वारल्या. साप्ताहिकात चार ओळी आल्या. सप्टेंबरात आमचं पुस्तक आलं, साडेसहाशे पानांचं, निळ्या पुठ्ठ्याचं. त्यात ग्रिगल नव्हता. समीक्षकांनी आमच्या काटेकोरपणाची तारीफ केली.

आणखी दोन वर्षांनी, मे महिन्यातच, बोटीच्या कुठल्याशा भागाचं नाव तपासायला मी खोऱ्यात गेलो होतो. येताना क्रॅडकपाशी रस्त्याच्या कडेला पाटी दिसली, पॅस्को. गाडी का थांबवली ते सांगता येत नाही. आत एक साठीचा माणूस शिडी घडी करत होता. रबरी बूट, कानावर पेन्सिल. फार तर शंभर झाडं उरली असतील.

"सफरचंदं हवीत तर संपली, दोस्ता," तो म्हणाला. "मागच्या आठवड्यात झाली तोडणी."

मी नाव सांगितलं, काम सांगितलं. त्याने शिडी खाली ठेवली.

"म्हणजे पत्रवाला लॉइड तूच."

"तुम्हाला पत्राचं ठाऊक आहे?"

"पाठ आहे. 'नम्रपणे लक्षात आणून देत आहे.' मर्लने दाखवलं ना."

"मर्लबाईंनीच तुम्हाला ती जाहिरात द्यायला सांगितलं होतं, नाही का?"

केल्विनने माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं, जसं गाईला बैल म्हणणाऱ्या शहरी माणसाकडे बघावं.

"मर्लने? अरे बाबा, मर्ल माझ्याशी चव्वेचाळीस वर्षं बोलत नव्हती. मी समोरून आलो तर रस्ता ओलांडायची. एक्स्चेंजमध्ये होती तेव्हा माझा कॉल लावायची, पण नंबराशिवाय शब्द नाही. पॅस्कोंपैकी कुणाशीच नाही. आणि बरोबरच होतं तिचं."

"मग जाहिरात?"

"म्हातारा गेला त्या वर्षी. एडगर, माझा बाप. ब्याण्णवाव्या वर्षी. शेवटी शेवटी रोज एकच घोकायचा, सांगता येणार नाही, सांगता येणार नाही. नर्सला वाटायचं औषधाचं विचारतोय. मला वाटलं, मर्लच्या दारात जाऊन बोलावं. तीनदा फाटकापर्यंत गेलो. जमलं नाही. पण ती ते साप्ताहिक पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचते हे सगळ्या खोऱ्याला माहीत. म्हणून छापलं." त्याने कानावरची पेन्सिल काढून पुन्हा कानावर ठेवली. "तुमच्या कोशाचं मला काही ठाऊक नव्हतं बाबा. तुम्ही लोक असे काही असता हेच ठाऊक नव्हतं."

मी विचारलं, त्या आल्या होत्या का.

"आली की. त्याच शनिवारी. बादली घेऊन. काही बोलली नाही, मीही नाही. शिडी धरली फक्त. बादली भरल्यावर म्हणाली, आई वरच्या फांदीचे घ्यायची, त्यांना ऊन लागलेलं असतं. मग दुसऱ्या महिन्यात परत आली, तुझं पत्र घेऊन. माझ्या हातात दिलं आणि म्हणाली, बघ केल्विन, आता मीपण."

"आता मीपण काय?"

"चोर. आईला कोशवाल्यांनी चोर ठरवलं, आता मलाही."

"हसत म्हणाल्या का?"

केल्विनने शिडी पुन्हा उचलली. "सांगता येणार नाही," तो म्हणाला.

होबार्टला परतल्यावर मी बाद चिठ्ठ्यांचा खोका काढला. जाहिरात होती तशीच होती, टाचणीला गंज चढला होता. तीन वर्षांनी ती मी पहिल्यांदा वाचली. म्हणजे सगळी. "ग्रिगल काढून न्यावेत. बादली आपली आणावी. वडिलांच्या वेळेसारखंच, विचारायची गरज नाही."

वडिलांच्या वेळेसारखंच. एडगर पॅस्को कोर्टात जे बोलला नाही ते त्याच्या मुलाने छापून दिलं होतं, आणि ते माझ्या टेबलावर आलं होतं, आणि त्याच्या पहिल्या शब्दाखाली मी लाल रेघ मारून थांबलो होतो. 'खालचं नाव बघ,' असं मर्लबाईंनी लिहिलं होतं. मी बघितलं होतं. आरोपी बघावा तसं.

पुरवणी २००४मध्ये निघाली. नोरीन निवृत्तीला आल्या होत्या. सगळा प्रकार मी त्यांना सांगितला. त्यांनी ऐकलं, चष्मा पुसला आणि म्हणाल्या, "वाईट झालं. घे शब्द." त्यांच्या तोंडून 'वाईट झालं' मी अकरा वर्षांत दुसऱ्यांदा ऐकलं. पहिल्यांदाचं छापखान्याबद्दल होतं.

अवतरण म्हणून मी जाहिरात पूर्ण दिली होती. मुद्रितं आली तेव्हा नोरीननी शेवटच्या वाक्यावर निळी रेघ ओढलेली होती.

"हे राहू द्या ना," मी म्हटलं.

"कशाला? बादलीवरून कळतं की फळ आहे. वडिलांवरून काय कळतं?"

"खरं म्हणजे तेच महत्त्वाचं आहे."

"तुला महत्त्वाचं आहे रे, लॉइड. अर्थाला उजेड न देणारा मजकूर गाळावा. नियम चौदा. कुणी लिहिलाय?"

मी लिहिला होता. वाक्याच्या जागी तीन टिंबं आली.

पुरवणीची प्रत घेऊन मी क्रॅडकला गेलो. दुसरं कुणाकडे नेणार? फुलांच्या मंडळातल्या त्या दोन म्हाताऱ्याही तोवर गेल्या होत्या. मे संपत आला होता. केल्विनने हात पँटला पुसले, चष्मा शोधला, बोट ठेवत ठेवत मोठ्याने वाचलं: "ग्रिगल. तोडणी झाल्यावर झाडावर राहिलेली बारीक सफरचंदं." त्याच्याखालची जाहिरात वाचली. टिंबांपाशी थांबला.

"ही टिंबं म्हणजे काय?"

"जागा कमी होती."

"हं." त्याने पुन्हा वरची ओळ वाचली. "बरोबर आहे. राहिलेली सफरचंदं. पण कुणाची, ते नाही लिहिलंत."

"म्हणजे?"

"अरे, मालकाने बोलायच्या आधी न्याल तर ती चोरी. त्याने म्हटल्यावर न्याल तर ते ग्रिगल. फळ तेच. मग शब्द कशाला हवा होता आम्हाला? नुसत्या बारक्या सफरचंदांना बारकी सफरचंदं म्हणतात."

मी कोशात अकरा वर्षं काढली होती. नोरीनना द्यायचं उत्तर हे होतं. न विचारता न्यायचे, हाच तर त्या शब्दाचा अर्थ; वडिलांवरून तेच कळत होतं. छापलेल्या पानावरून पाहिलं तर हेस्टर टॅपस्कॉटने दुसऱ्याच्या झाडावरची बारीक सफरचंदं नेली होती, आणि मॅजिस्ट्रेटचं काही चुकलं नव्हतं. आम्ही त्याला फक्त शब्द पुरवला होता.

"पुढच्या आवृत्तीत दुरुस्त करतो," मी म्हणालो. पुढची आवृत्ती निघणार नाही हे मला गेल्या महिन्यातच कळलं होतं. औषधांच्या दुकानाच्या वरची जागा दातांच्या डॉक्टरला गेली होती.

"कर," केल्विन म्हणाला. पुस्तक मिटून त्याने ते बागेतल्या शेडच्या खिडकीत, खिळ्यांच्या डब्याशेजारी ठेवलं. मग कोपऱ्यातली एक पत्र्याची बादली उचलून माझ्या हातात दिली आणि शिडी खांद्यावर घेऊन चालू लागला. शेवटच्या रांगेतल्या एका जुन्या झाडाला त्याने ती टेकवली. वरच्या फांदीवर सात-आठ फळं होती, अक्रोडाएवढी, उन्हाच्या बाजूला तांबूस.

मी शिडीच्या दुसऱ्या पायरीवर होतो. कसं तोंडातून निघालं कुणास ठाऊक.

"घेऊ ना?"

केल्विनने शिडी घट्ट धरलेली होती. त्याने वर पाहिलंसुद्धा नाही.

"छापून दिलं होतं ना रे तुला," तो म्हणाला.